कष्टकरी स्त्रीचे बोलणे आणि गेल ऑम्व्हेट यांची लेखणी

डॉ. गेल ऑम्व्हेट २५ ऑगस्ट २०२१ रोजी सांगली जिल्ह्यातील कासेगाव येथे निवर्तल्या. त्यानंतर जे मृत्युलेख आमच्या वाचनात आले त्यांतील बहुतेकांत एक ठरीव वाटणी आढळली. अर्धा लेख विदुषीचा, अर्धा कार्यकर्तीचा. पहिल्या अर्ध्यात ग्रंथांची नावे आणि विद्यापीठांतील पदे. दुसऱ्या अर्ध्यात मोर्चे, परिषदा आणि धरणग्रस्त. जणू एका घरात दोन बाया राहत होत्या आणि त्यांची गाठ पडे ती फक्त जेवणाच्या वेळी. ही वाटणी आम्हांस मान्य नाही. मोर्चात चालल्याने कोणाचे लेखन आपोआप सकस होत नाही. पुष्कळदा ते बिघडते. आणि ग्रंथ लिहिल्याने शेतमजूर बाईच्या रोजात एका आण्याचीही भर पडत नाही. तेव्हा टीकाकाराने विचारावयाचा प्रश्न निराळा आहे. ज्या स्त्रियांमध्ये ही विदुषी वावरली, त्यांचे बोलणे तिच्या लेखनात कोणत्या रूपाने उतरले आणि तिच्या विचाराला त्याने कोठे अडविले, कोठे वळविले? ह्या लेखात आम्ही एवढ्याच प्रश्नाचा पाठपुरावा करणार आहोत.

चरित्राची बाह्यरेषा बहुतेकांस ठाऊक आहे. ती थोडक्यात सांगून टाकू. जन्म २ ऑगस्ट १९४१, अमेरिकेतील मिनिआपोलिस येथे. कार्लटन महाविद्यालयात शिक्षण, पुढे कॅलिफोर्नियातील बर्कले विद्यापीठात समाजशास्त्राचा अभ्यास. १९७३ मध्ये पीएच.डी. मधल्या काळात भारतात येणे, मराठी शिकणे, संशोधनासाठी महाराष्ट्रात फिरणे. १९७६ मध्ये डॉ. भारत पाटणकर यांच्याशी विवाह आणि १९८३ मध्ये भारतीय नागरिकत्व. कासेगावच्या ज्या घरात त्या सून म्हणून आल्या त्या घराला लढ्याचा वारसा होता. सासू इंदुमती पाटणकर ऐन तारुण्यात सातारच्या प्रतिसरकारच्या चळवळीत उतरलेल्या. १९८० मध्ये स्थापन झालेल्या श्रमिक मुक्ती दलाशी बाईंचे आयुष्य पुढे कायमचे जोडले गेले. इकडे त्यांना शलाका पाटणकर असे नाव मिळाले. पण ग्रंथांवर शेवटपर्यंत जन्मनावच राहिले. अध्यापनाचे म्हणाल तर पुणे विद्यापीठातील फुले-आंबेडकर अध्यासन, भुवनेश्वर येथील समाजकार्य-संस्थेतील आंबेडकर अध्यासन अशी पदे त्यांनी भूषविली. मात्र एका खुर्चीत बसून निवृत्तीपर्यंत जाण्याचा आमच्या व्यवसायातील राजमार्ग त्यांनी धरला नाही. त्यांचा पत्ता कासेगाव हाच राहिला.

त्यांचा पहिला मोठा ग्रंथ म्हणजे पीएच.डी.चा प्रबंध. ‘कल्चरल रिव्होल्ट इन ए कलोनिअल सोसायटी’ ह्या नावाने तो १९७६ मध्ये मुंबईहून प्रसिद्ध झाला. १८७३ मधील सत्यशोधक समाजाच्या स्थापनेपासून १९३० पर्यंतची पश्चिम भारतातील ब्राह्मणेतर चळवळ हा त्याचा विषय. आज ह्या विषयावर ग्रंथ लिहिणे कोणासही धाडसाचे वाटणार नाही. त्या काळी मात्र परिस्थिती अशी होती की महात्मा फुले यांचे समग्र वाङ्मय १९६९ मध्ये प्रथम एकत्र छापले गेले आणि ताराबाई शिंदे यांचे १८८२ मधील ‘स्त्री-पुरुष तुलना’ हे पुस्तक डॉ. स. गं. मालशे यांनी पुन्हा प्रकाशात आणावयास १९७५ साल उजाडले. म्हणजे आमच्याच भाषेतील हे धन आमच्याच कपाटांत धूळ खात असता एक परदेशी तरुणी जुनी नियतकालिके आणि पत्रके चाळीत बसली होती. ही गोष्ट आम्ही मराठीच्या अध्यापकांनी विसरू नये. विसरण्याची आम्हांला सवय आहे.

त्या ग्रंथाचे मोल केवळ माहितीत नाही. जलसे, पत्रके, खेड्यांतील भांडणे, कुळांचा खंड ह्या गोष्टी एका सूत्रात ओवता येतात, हे त्याने दाखविले. नारायण मेघाजी लोखंडे यांचेच उदाहरण घ्या. सत्यशोधक विचारांचे हे गृहस्थ ‘दीनबंधु’ चालवितात, १८८४ मध्ये मुंबईच्या गिरणी कामगारांची संघटना उभारतात आणि १८९० मध्ये रविवारची साप्ताहिक सुटी पदरात पाडून घेतात. जातिविरोधाचा इतिहास एकीकडे आणि कामगार चळवळीचा दुसरीकडे ठेवला की लोखंडे दोन्हीकडे अर्धेच दिसतात. ऑम्व्हेट यांनी ते कुंपण ओलांडले. ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’त १९७३ मध्ये त्यांनी मुंबईतील ब्राह्मणेतर आणि कम्युनिस्ट यांच्या संबंधांवर जो लेख लिहिला तो ह्याच शोधाचा भाग होता. पण ह्या ग्रंथाच्या मध्यभागी स्त्री नाही, आणि त्याचे गद्य प्रबंधाचे गद्य आहे. ते भरीव आहे, शिस्तीचे आहे आणि वाचकाला दमविणारे आहे.

ते गद्य मोडले १९७५ च्या सुमारास. त्या वर्षी बाई महाराष्ट्रात स्त्रियांच्या चळवळींचा अभ्यास करीत फिरत होत्या. काळ मोठा विलक्षण होता. १९७२ च्या दुष्काळाने लाखो माणसे खडी फोडावयास रस्त्यावर आणली होती आणि त्यांत स्त्रियांचे प्रमाण मोठे होते. मुंबईत महागाईविरुद्ध लाटणी घेऊन स्त्रिया बाहेर पडल्या होत्या. धुळे जिल्ह्यातील शहाद्याकडे श्रमिक संघटनेतील आदिवासी स्त्रियांनी दारूची मडकी फोडली होती. जून १९७५ मध्ये आणीबाणी पुकारली गेली. तरीही ऑक्टोबरात पुण्यास स्त्रीमुक्तीची संयुक्त परिषद भरली. हे सारे जे पाहिले, ऐकले, त्यातून ‘वुइ विल स्मॅश धिस प्रिझन’ हे पुस्तक झाले. १९८० मध्ये ते लंडनला छापले गेले. ‘हा तुरुंग आम्ही फोडू’ असा नावाचा अर्थ.

हे पुस्तक कोणत्या वाङ्मयप्रकारात घालावे, हा प्रश्न आमच्यासारख्या वर्गीकरणप्रिय माणसांना पडतोच. अहवाल म्हणावा तर त्यात ‘मी’ आहे. प्रवासवर्णन म्हणावे तर त्यात प्रेक्षणीय असे काही नाही, एस.टी.ची वाट पाहणे आहे, सभेला बाया जमतात की नाही ह्याची धाकधूक आहे, अपुऱ्या उजेडातील बैठका आहेत. बाया येतात, बोलतात, वाद घालतात, गाणी म्हणतात. मजुरी, दारू, मार, पाणी, जातीचा अपमान हे विषय एकामागून एक येतात, आणि कोणत्या विषयाला आधी हात घालावा हे ठरविणारी लेखिका नसते, त्या बाया असतात. प्रबंधात जी व्यक्ती पुराव्यामागे उभी होती ती येथे समोर येते, गोंधळते, कधी चुकते आणि तसे कबूलही करते. अभ्यासकाला स्वतःचा गोंधळ वाचकासमोर ठेवणे किती जड जाते, हे ज्यांनी प्रबंध लिहिले आहेत त्यांस सांगावयास नको.

त्याच काळातील त्यांचा दुसरा एक लेख शेजारी ठेवून पाहण्यासारखा आहे. भारतातील स्त्रिया आणि ग्रामीण उठाव ह्या विषयावर १९७८ मध्ये ‘जर्नल ऑफ पेझंट स्टडीज’ ह्या नियतकालिकात तो आला. तेथे तोच अनुभव सिद्धान्ताच्या भाषेत मांडलेला आहे. शेतमजूर स्त्री घराबाहेर, गटाने आणि रोजावर काम करते; तिच्याजवळ गमावण्यासारखी जमीन नाही की जपण्यासारखी घराण्याची अब्रू नाही; म्हणून ग्रामीण उठावांत ती पुढे येते, असा त्या विचाराचा रोख. युक्तिवाद भक्कम आहे. परंतु लेखात ती स्त्री एक ‘घटक’ आहे आणि पुस्तकात ती एक बाई आहे, जी सभेत उठून विचारते की तुमच्या मुक्तीने आमचे पाण्याचे हंडे कमी होतील काय. हे शब्द पुस्तकातले नव्हेत, आमचे आहेत. पण पुस्तकभर ऐकू येणारा सूर असाच आहे. सिद्धान्त त्या प्रश्नापुढे क्षणभर थांबतो. ह्या थांबण्यातच पुस्तकाचे बळ आहे असे आम्हांस वाटते.

आता त्या पुस्तकाविषयीची आमची मुख्य तक्रार. तक्रार म्हणण्यापेक्षा हळहळ म्हणू. ह्या साऱ्या बाया मराठी बोलल्या. कोणी सांगलीकडची, कोणी खानदेशी वळणाची, कोणी मराठवाड्याची. कागदावर त्या इंग्रजी बोलतात. काही मराठी शब्द रोमन लिपीत तसेच ठेवले आहेत, पण वाक्ये इंग्रजीच. आणि त्या इंग्रजीत सर्व बाया एकसारख्या बोलतात. उद्या कोणी ते पुस्तक कितीही निष्ठेने मराठीत आणले तरी ते भाषांतराचे भाषांतर होईल. बोलणारीचा मूळ शब्द काय होता हे कोणास सांगता येणार नाही.

हा केवळ शैलीचा प्रश्न आहे असे कोणास वाटेल. तो मजुरीचाही प्रश्न आहे. कृष्णाकाठच्या रानात जिला भांगलण म्हणतात तिलाच इतरत्र खुरपणी किंवा निंदणी म्हणतात; इंग्रजीत ह्या सर्वांना एकच शब्द. पण रोजाने भांगलायला जाणे वेगळे, उक्ते घेणे वेगळे, आणि सावडीने जाणे वेगळे. रोजात दिवस मोजला जातो, उक्त्यात काम मोजले जाते. सावडीत पैसा नाही, आज मी तुझ्या रानात, उद्या तू माझ्या. इर्जिकीत तर जेवणावर काम होते. बाई कोणता शब्द वापरते ह्यावरून ती मजूर म्हणून बोलते आहे, शेजारीण म्हणून की कुळवाडीण म्हणून, हे कळते. अर्थशास्त्राचे अर्धे अधिक विवेचन त्या शब्दातच असते. इंग्रजीतून ते गळून जाते. महाराष्ट्राबाहेर राहून मराठी शिकविणाऱ्या आमच्यासारख्यांना ही गळती नवी नाही. इंदूर-ग्वाल्हेरच्या, बडोद्याच्या किंवा हैदराबादच्या वर्गात ‘सावड’ हा शब्द आला की समजावून सांगताना त्यातले काहीतरी सांडतेच.

ह्या ठिकाणी दोन मराठी पुस्तकांची आठवण अपरिहार्य आहे. गोदावरी परुळेकर यांचे ‘जेव्हा माणूस जागा होतो’ १९७० मध्ये आले आणि १९७२ मध्ये साहित्य अकादमीच्या पुरस्कारास पात्र ठरले. ठाणे जिल्ह्यातील वारल्यांचा वेठबिगारीविरुद्धचा लढा, लग्नगड्यांची मुक्तता, हा त्याचा विषय. तेथेही लेखिका शहरातील, शिकलेली, त्या लोकांपासून जन्माने दूर. पण ‘लग्नगडी’ हा एक शब्द त्या पुस्तकाने मराठी वाचकाच्या मनात असा रुतविला की लग्नासाठी घेतलेल्या कर्जापायी नवराबायको दोघांनी सावकाराच्या घरी राबण्याची ती सारी व्यवस्था शब्दासरशी उभी राहते. दुसरे पुस्तक ऊर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांचे ‘आम्हीही इतिहास घडवला’, १९८९ चे. आंबेडकरी चळवळीतील स्त्रियांच्या मुलाखती तेथे मराठीत नोंदल्या गेल्या. इंग्रजी अवतार मागाहून, २००८ मध्ये आला. क्रम असा असला म्हणजे भाषांतरकाराच्या चुका तपासता येतात. ऑम्व्हेट यांच्या पुस्तकाला तो आधार नाही.

परंतु दोष कोणाचा? बाईंना मराठी येत होते; त्या मराठीतून भाषणे करीत, लेख आणि पुस्तिका लिहीत. १९८० च्या त्या पुस्तकाचा वाचक मात्र त्यांनी जगातील इतर देशांच्या स्त्री-चळवळींत कल्पिला होता, आणि त्या वाचकासाठी ते योग्यच होते. मराठीत ते बोलणे नोंदवून ठेवण्याचे काम मराठीच्या अभ्यासकांचे होते. ज्या काळात आमची विद्यापीठे संतवाङ्मयाच्या पाठभेदांवर खल करीत होती त्या काळात रोजगार हमीच्या कामावरील एका बाईचे बोलणे जसेच्या तसे उतरवून घेणे हा वाङ्मयाभ्यासाचा भाग आहे, असे सुचविण्याचे धाडस आमच्यापैकी किती जणांनी केले असते?

पुढील पंधरा वर्षांत बाईंचा विचार बदलत गेला, आणि येथे आमचा त्यांच्याशी मतभेद आहे. शरद जोशी यांच्या शेतकरी संघटनेने नोव्हेंबर १९८६ मध्ये चांदवड येथे शेतकरी महिलांचे प्रचंड अधिवेशन भरविले. त्यापुढे लक्ष्मीमुक्तीचा कार्यक्रम आला. जमिनीचा वाटा बायकोच्या नावे करून देण्यास शेतकऱ्यांना प्रवृत्त करणारा. डाव्या विचाराच्या पुष्कळांनी संघटनेला बड्या बागाइतदारांची म्हणून दूर लोटले होते. ऑम्व्हेट यांनी तसे केले नाही. ‘व्हायोलन्स अगेन्स्ट विमेन’ ह्या १९९० च्या छोट्या पुस्तकात आणि ‘रीइन्व्हेंटिंग रेव्होल्युशन’ ह्या १९९३ च्या ग्रंथात त्यांनी असे प्रतिपादिले की शोषण केवळ मजुरीतून होत नाही. शेतमालाच्या पडत्या भावातून होते, घरच्या बाईच्या बिनमोल राबण्यातून होते, जातीतून होते, बळाच्या वापरातून होते. गिरणीतील मजुराच्या मापाने सर्व कष्टकऱ्यांना मोजू नका, हे त्यांचे म्हणणे. ते खरे आहे. ज्या बाईच्या घरी चार एकर कोरडवाहू आहे आणि जी पहाटेपासून त्यात राबते, तिला रोज मिळत नाही म्हणून ती कामगार नव्हे, असे मानणारे शास्त्र अपुरेच.

तथापि ह्या विस्तारात एक व्यक्ती मागे सरकली. १९८० च्या पुस्तकात मध्यभागी उभी असलेली शेतमजूर बाई १९९३ च्या ग्रंथात ‘शेतकरी’ ह्या मोठ्या शब्दाच्या सावलीत गेली. संघटनेचा युक्तिवाद असा की भाव वाढला म्हणजे मजुरीही वाढेल. कदाचित वाढेल. पण वाढत्या भावातील किती वाटा बांधावर उभ्या असलेल्या बाईच्या ओटीत पडेल, हे भाव ठरवीत नाही. बांधावरची घासाघीस ठरविते, आणि त्या घासाघिशीत समोरची बाजूही पुष्कळदा एक बाईच असते. ऑम्व्हेट यांच्या बाजूने असे म्हणता येईल की आपल्याकडे शेतकरी आणि शेतमजूर ह्या दोन जाती नव्हेत. एकच कुटुंब सुगीत शेतकरी आणि उन्हाळ्यात मजूर असते. हे उत्तर आम्ही हलके मानीत नाही. तरीही आमचा आक्षेप उरतो तो वाङ्मयीन स्वरूपाचा. १९९३ च्या ग्रंथात त्या बाईचा आवाज नाही. तिच्याविषयीचे निष्कर्ष आहेत. सभेत उठून प्रश्न विचारणारी कोणी उरली नाही, आणि म्हणून सिद्धान्ताला थांबावे लागत नाही.

ह्याला एक अपवाद आम्हांस दिसतो, आणि तो त्यांच्या ग्रंथांपेक्षा त्यांच्या कार्यात आहे. सांगली-सातारा भागात स्त्रीमुक्ती संघर्ष चळवळीने नवऱ्याने सोडलेल्या स्त्रियांचा प्रश्न हाती घेतला. शिधापत्रिका स्वतःच्या नावाची हवी, राहावयास जागा हवी, कसावयास जमीन हवी, अशा त्या मागण्या. एरवी खेड्यात अशा बाईला ‘टाकलेली’ म्हणतात. हा शब्द उच्चारला की दोष तिच्या अंगाला चिकटतो, टाकणारा नामानिराळा राहतो. चळवळीने ‘परित्यक्ता’ हा संस्कृत शब्द वापरला. आमचे काही मित्र ह्या शब्दाला जड म्हणून नाके मुरडतात. अर्थ पाहिला तर दोन्ही शब्द एकच आहेत हेही खरे. पण शिव्यांतून उचललेला शब्द अर्जात लिहिता येत नाही; तहसीलदाराच्या टेबलावर जो कागद ठेवावयाचा त्याला वेगळी भाषा लागते, आणि ती ह्या बायांनी आपलीशी केली. तत्सम शब्दाचा असा उपयोग आमच्या व्याकरणाच्या पुस्तकांत सांगितलेला नाही.

उत्तरायुष्यातील ग्रंथांविषयी येथे विस्तार करीत नाही. दलित चळवळीवरील १९९४ चा ग्रंथ, बौद्ध धर्मावरील २००३ चा, ‘सीकिंग बेगमपुरा’ हा २००८ चा: ह्यांचा विचार स्वतंत्र लेखातच व्हावा. एवढेच नोंदवितो की ‘सीकिंग बेगमपुरा’त रविदास, तुकाराम, फुले, पंडिता रमाबाई, आंबेडकर हे एका ओळीत बसविताना ज्या सहजतेने त्या संतांच्या कवितेकडे राज्यव्यवस्थेचे स्वप्न म्हणून पाहतात, ती सहजता आम्हांस पुरती पटत नाही, कविता तेवढ्याने संपत नाही.

मात्र २०१२ मध्ये भारत पाटणकर यांच्या सोबतीने त्यांनी तुकोबांच्या अभंगांचे जे इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केले त्याचा उल्लेख ह्या लेखाच्या विषयामुळे करावाच लागतो. त्या भाषांतराशी वाद घालावयाचा झाला तर घालता येतो, कारण गाथा आपल्या घरी आहे. अभंग काढावा, ताडून पाहावा, हा शब्द चुकला असे म्हणावे. १९८० च्या पुस्तकातील बायांच्या बोलण्याची अशी गाथा आपल्या घरी नाही.

तेव्हा आमची एक सूचना आहे, आणि ती अकादमीच्या सभासद-अध्यापकांपुढे ठेवतो. पदव्युत्तर वर्गात ‘आम्हीही इतिहास घडवला’तील एखादी मुलाखत आणि ऑम्व्हेट यांच्या पुस्तकातील शेतमजूर स्त्रियांच्या बैठकीचे एखादे प्रकरण शेजारी ठेवावे, आणि विद्यार्थ्यांना ते प्रकरण मराठीत, त्या त्या भागाच्या बोलीत, परत आणावयास सांगावे. बेळगावकडील मुले हे काम आमच्या इंदूरच्या मुलांपेक्षा बरे करतील, कारण कृष्णाकाठची बोली त्यांना जवळची. ज्या शब्दापाशी विद्यार्थी अडेल तेथे त्याने शेतात काम करणाऱ्या बाईला विचारावे आणि तिने सांगितलेला शब्द, गावाच्या नावासकट, समासात लिहून ठेवावा. बहुतेक जण पहिल्याच पानावर, ‘भांगलण’ लिहावे की ‘निंदणी’, येथे अडतील असा आमचा अंदाज आहे.